ठरलेला नट गेला आणि सिनेमा काती ओउतिनेनवर आला: एक केस स्टडी

फिनलंडच्या सिनेमावर गप्पा सुरू झाल्या आणि तिथल्या अभिनेत्री काती ओउतिनेनचं नाव निघालं की एक वाक्य हमखास येतं, ती काही करतच नाही, नुसती उभी राहते, बाकी सगळं दिग्दर्शक करतो. मला हे अजिबात पटत नाही. का पटत नाही हे सांगायचं तर तिची पाच दशकांची यादी वाचून दाखवून काही उपयोग नाही, एकच प्रसंग घ्यावा लागतो आणि तो नीट उलगडावा लागतो. असा प्रसंग की ज्यात दिग्दर्शकाचा ठरलेला माणूस उरलाच नव्हता आणि सिनेमाचा सगळा भार हिच्यावर आला. ते वर्ष १९९५ आणि तो सिनेमा म्हणजे पुढच्या वर्षी आलेला 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स'.

आधी थोडी पार्श्वभूमी, नाहीतर पेच काय होता ते कळणार नाही.

कातीचा जन्म हेलसिंकीचा, १७ ऑगस्ट १९६१. १९८० साली तापिओ सुओमिनेनने एक सिनेमा केला, शहरातली शाळेत न रमणारी पोरं, त्यांचा राग, त्यांची पंक गाणी, त्यात ही लिस्सू नावाची टगी मुलगी झाली. फिनलंडमध्ये त्या पिढीला तो सिनेमा आजही आठवतो आणि लिस्सू पण आठवते. म्हणजे सुरुवातीला लोकांनी तिला बघितलं ते तोंडाळ, अंगावर येणारी पोरगी म्हणून. हे लक्षात ठेवा, कारण पुढे 'तिला दुसरं काही येत नाही' असं जे म्हणतात त्यांनी हा सिनेमा बहुतेक बघितलेला नसतो.

मग ती हेलसिंकीच्या थिएटर अकॅडमीत शिकली, आणि तो काळ होता योउको तुर्क्काचा. तुर्क्का हे फिनलंडच्या रंगभूमीवरचं फार मोठं आणि फार वादग्रस्त नाव. त्याच्या हाताखालून गेलेले नट म्हणजे घाम, आरडाओरडा, अंग झोकून देणं, शरीराची पूर्ण परीक्षा. त्या काळातल्या कितीतरी नटांवर ती छाप कायमची बसली. कातीवर नाही बसली. ती त्याच वर्गांतून गेली आणि बाहेर पडून बरोबर उलट्या दिशेने चालायला लागली. मला वाटतं तिच्या कामाबद्दलची ही सगळ्यात महत्त्वाची गोष्ट आहे, कारण ज्याला ओरडता येतं आणि तरी जो ओरडत नाही त्याच्या गप्प राहण्याला वजन येतं, आणि तिचं तसंच आहे.

१९८६ ला दिग्दर्शक आकी काउरिसमॅकी भेटला, म्हणजे पडद्यावर भेटला, 'शॅडोज इन पॅराडाइज' मध्ये. कचऱ्याच्या गाडीवरचा माणूस निकांदर आणि सुपरमार्केटमधली कॅशियर इलोना. निकांदर झाला होता मात्ती पेल्लोनपॅ. हा पेल्लोनपॅ कोण ते सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. पडलेल्या मिशा, थकलेले डोळे, तोंडात सिगरेट, आणि कितीही फाटका माणूस रंगवला तरी त्यात एक खानदानी अदब. काउरिसमॅकीच्या सुरुवातीच्या सिनेमांचा तो चेहराच होता. १९९२ ला युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेता म्हणून त्याला गौरवलं गेलं ते पण याच दिग्दर्शकाच्या सिनेमासाठी. काती आणि मात्ती ही जोडी पुन्हा १९९४ मध्ये 'टेक केअर ऑफ युअर स्कार्फ, तातियाना' मध्ये आली, तासाभराचा काळापांढरा सिनेमा, दोन बावळट फिनिश पुरुष आणि गाडीत घेतलेल्या दोन बायका, एक एस्टोनियाची, एक रशियाची, पुरुष बायकांशी धड एक शब्द बोलत नाहीत आणि शेवटी त्यातला एक पुरुष तातियानाबरोबर एस्टोनियात टॅलिनलाच राहून जातो. तो पुरुष पेल्लोनपॅ आणि तातियाना काती. प्रेम जमलं हे सांगायला तिने काय केलं? बाकावर शेजारी बसून त्याच्या खांद्यावर डोकं ठेवलं, बस्स.

मधे १९९० चा 'द मॅच फॅक्टरी गर्ल' झाला होता. त्यावर जरा थांबतो कारण कातीवरच्या 'कोऱ्या चेहऱ्याच्या' आरोपाची सुरुवात तिथूनच झाली असं मला वाटतं. जेमतेम ७० मिनिटांचा सिनेमा. सुरुवातीला लाकडाच्या ओंडक्यापासून काडेपेटीपर्यंतचं यंत्रांचं काम दिसतं, आणि त्या ओळीच्या शेवटी एक मुलगी लेबलं तपासत उभी, ती इरिस. घरी आई आणि सावत्र बाप तिच्या पगारावर जगतात. ती डान्सला जाते, भिंतीला लागून बसते, बाकीच्या सगळ्यांना कोणी ना कोणी विचारतं, हिला कोणी विचारत नाही. पगारातून एक ड्रेस घेते तर बाप थोबाडीत मारतो. एक श्रीमंत माणूस एका रात्रीसाठी भेटतो, हिला वाटतं प्रेम, त्याला काय वाटतं ते तो नंतर चेक पाठवून सांगतो. मग ती उंदराचं विष आणते. सिनेमात बोलणं इतकं कमी आहे की एवढी गोष्ट जवळजवळ सगळी तिच्या चेहऱ्यावरच चालते.

आता इथे नीट बघा. सिनेमाच्या पहिल्या भागात इरिस गप्प आहे आणि शेवटच्या भागात पण गप्पच आहे, चेहऱ्यात म्हणावा असा फरक नाही, तरी बघणाऱ्याला कळतं की पहिलं गप्प बसणं आशेचं होतं आणि दुसरं निर्णय झाल्यानंतरचं आहे. डान्सच्या वेळी तिचे डोळे थोडे वर असतात, कोणी येईल म्हणून वाट बघणारे. विष विकत घेताना डोळे सरळ समोर. खांदे आधी आत ओढलेले, नंतर सुटे. एवढंच. एवढ्यावर एक अख्खी शोकांतिका उभी राहते, आणि हे दिग्दर्शक एकटा करू शकत नाही. दिवे, रंग, कॅमेरामन तिमो साल्मिनेनचा तो कडक प्रकाश, हे सगळं खरं, पण प्रकाश ज्याच्यावर पडतो त्याच्या आत काही चालू नसेल तर भिंतीवर पडलेला प्रकाश आणि चेहऱ्यावर पडलेला प्रकाश यात फरक राहत नाही.

पेच काय होता

नव्वदीच्या सुरुवातीला फिनलंड जबरदस्त आपटला. सोव्हिएत युनियन कोसळल्यावर तिकडचा व्यापार एकदम आटला, त्याआधीच्या दशकात बँकांनी बेफाम कर्जं वाटलेली होती ती बुडायला लागली, चलनाचं अवमूल्यन करावं लागलं, आणि १९९० ला ३ टक्क्यांच्या आसपास असलेली बेकारी १९९४ पर्यंत १६-१७ टक्क्यांवर गेली. साधीसुधी, कामाला जाणारी, हप्ते भरणारी माणसं रस्त्यावर आली. काउरिसमॅकीने तेव्हा बेकारीवर सिनेमा करायचा ठरवलं, आणि तो केला नसता तर आरशात तोंड बघता आलं नसतं अशा अर्थाचं तो तेव्हा बोललाही होता.

सिनेमा मनात होता तो पेल्लोनपॅला घेऊन. आणि १३ जुलै १९९५ ला पेल्लोनपॅ हार्ट अटॅकने गेला. वय ४४.

आता दिग्दर्शकाच्या जागी उभं राहून विचार करा. हातात विषय आहे, विषय थांबणारा नाही, कारण माणसं आत्ता बेकार आहेत, पाच वर्षांनी हा सिनेमा करून काय फायदा. पण ज्याच्या चेहऱ्यावर सिनेमा उभा करायचा तोच नाही. रस्ते किती होते? एक, सिनेमा सोडून द्यायचा. दोन, दुसरा पुरुष नट त्याच जागी उभा करायचा, जो कितीही चांगला असला तरी प्रत्येक फ्रेममध्ये प्रेक्षक गेलेल्या माणसालाच शोधत बसले असते. तीन, गोष्टच फिरवायची, बाईला मध्यभागी आणायचं.

त्याने तिसरं केलं. सिनेमा कातीसाठी नव्याने लिहिला गेला. ती झाली इलोना, दुब्रोव्निक नावाच्या जुन्या रेस्टॉरंटची हेड वेट्रेस, आणि नवरा लौरी, ट्राम चालवणारा, हे काम आलं कारी वॅनॅनेनकडे. पेल्लोनपॅ गेला म्हणून त्याच्या जागी दुसरा पुरुष बसवायचा नाही, सिनेमाचं वजनच दुसरीकडे सरकवायचं, हा निर्णय मला फार मोठा वाटतो. पण निर्णय कागदावर कितीही चांगला असो, तो निभावायचा कोणी? १९९५ साली ३४ वर्षांच्या एका बाईने, जिला पडद्यावर आतापर्यंत बहुतेक वेळा सोसणारी किंवा कोणाच्या तरी शेजारी बसलेली बघितली होती. इथे तिला सिनेमा चालवायचा होता.

तिने केलं काय

पहिल्याच काही मिनिटांत एक प्रसंग आहे. किचनमध्ये आचारी दारू पिऊन सुरी घेऊन उभा आहे, कोणाचं ऐकत नाही. दारवान मेलार्तिन, हा झालाय साकारी कुओसमानेन, चांगला आडदांड माणूस, तो आत जातो आणि हात कापून घेऊन येतो. मग इलोना जाते. कॅमेरा तिच्या मागे जात नाही. आपल्याला दिसतात फक्त बाहेर उभी असलेली माणसं, आतून थोबाडीत मारल्याचा आवाज, आणि मग सगळं शांत. सुरी आली, आचारी पण आला, काम पुन्हा सुरू.

दिग्दर्शकाने सगळ्यात 'भारी' क्षण फ्रेमच्या बाहेर टाकला, म्हणजे कातीला तिथे काही दाखवायची संधीच नाही. पण आत जाताना ती ज्या चालीने जाते, घाई नाही, रोजचं काम आहे अशी, आणि परत येताना चेहऱ्यावर जिंकल्याचा भाव शून्य, त्यावरून ही बाई इथे किती वर्षं काम करतेय, ही माणसं तिला का मानतात, हिच्यावर रेस्टॉरंट का चालतं हे सगळं कळतं. कोणी सांगत नाही की इलोना कर्तबगार आहे. आणि हे आधी ठसलं म्हणूनच पुढे तिची नोकरी जाते तेव्हा ते आपल्याला लागतं. दुब्रोव्निक कर्जापायी एका चेनच्या हातात जातं, जुना स्टाफ घरी.

घरचे प्रसंग तर मला याहून आवडतात. लौरीने रिमोटवाला रंगीत टीव्ही हप्त्यावर आणलाय, बायकोला सरप्राइज. सोफ्याचे हप्ते चालूच आहेत. दोघं बोलतात की हे फिटलं की पुस्तकांचं कपाट घेऊ, आणि मग पुस्तकं घेऊ. हे वाक्य विनोदी करून म्हणता आलं असतं, रडकं करून पण म्हणता आलं असतं, आणि दोन्हीत ही माणसं लहान झाली असती. ती दोघं ते हिशोबासारखं बोलतात. घरात एका मुलाचा फोटो आहे, त्यांचं गेलेलं मूल. सिनेमा त्याबद्दल काही बोलत नाही, इलोना त्या फोटोकडे बघते आणि बस. तो फोटो पेल्लोनपॅचा आहे, त्याच्या लहानपणीचा. फिनलंडमध्ये ज्यांना हे माहीत होतं त्यांनी तो प्रसंग कसा बघितला असेल याचा विचार करा, पडद्यावर एक आई आहे आणि त्याच वेळी ती नऊ वर्षांपूर्वी निकांदरबरोबर बोटीने निघालेली इलोना पण आहे, नाव पण तेच. इथे एक अश्रू जरी आला असता तर सिनेमा श्रद्धांजलीचा कार्यक्रम झाला असता. तिने तो येऊ दिला नाही. ती बघते, आणि काम करायला लागते.

मग नोकरी शोधणं. लौरीच्या डेपोत कोणाला काढायचं हे पत्ते काढून ठरतं आणि त्याचा पत्ता हलका निघतो. इलोना जिथे जाईल तिथे नकार, ३८ वर्षांच्या बाईला तोंडावर सांगतात की वय झालं. त्यानंतर एक कळकट बार मिळतो, जिथे स्टाफ म्हणजे ती एकटीच. आणि इथे तो प्रसंग येतो ज्यासाठी मी हा सगळा लेख लिहितोय असं म्हटलं तरी चालेल. गिऱ्हाईक येतं, जेवण मागतं. इलोना ऑर्डर घेते, आत जाते, जणू आत आचारी आहे अशी ऑर्डर देते, आणि मग स्वतःच तव्यावर टाकून बनवते, घेऊन येते, वाढते. आत कोणी नाही हे गिऱ्हाइकाला कळू द्यायचं नाही. का? त्या बारची लाज राखायची गरज काय तिला, मालक तर तिचा पगार पण बुडवणार आहे. पण रेस्टॉरंटमध्ये ऑर्डर अशीच जाते, वाढायचं असंच असतं, तिचं काम ती तिच्या पद्धतीनेच करणार.

हा प्रसंग जरा हलका केला असता तर लोक खो खो हसले असते. काती तो पूर्ण गांभीर्याने करते, आणि त्यामुळे हसू पण येतं आणि घशात काहीतरी अडकतं पण. 'काही न करणं' म्हणणाऱ्यांना मी हाच प्रसंग दाखवतो. एका शॉटमध्ये ती इलोना आहे, वेट्रेसचं काम करणारी इलोना आहे, आणि नसलेल्या आचाऱ्याशी बोलून अब्रू सांभाळणारी इलोना आहे, तीन थर, आणि आवाज एकदाही वर चढलेला नाही.

काउरिसमॅकीची पद्धत पण इथे सांगायला पाहिजे, कारण ती नटासाठी सोपी अजिबात नाही. तो फार कमी टेक घेतो, शक्यतो पहिलाच ठेवतो, तालमी नकोत, हातवारे नकोत. लोकांना वाटतं हे नटाला आरामाचं. उलट आहे. दहा टेक असतील तर नट हळूहळू शोधत जाऊ शकतो, चुकू शकतो. एकच टेक म्हटल्यावर जे काय आहे ते घरून घेऊन यायला लागतं, आणि वर ते दिसता कामा नये. तुर्क्काच्या काळातल्या त्या अंगमेहनतीच्या शिक्षणाचा उपयोग मला इथे दिसतो, शरीरावर एवढा ताबा असल्याशिवाय इतकं थोडं करता येत नाही.

शेवटी दुब्रोव्निकची जुनी मालकीण मिसेस स्योहोल्म, म्हणजे एलिना सालो, इलोनाला एका सलूनमध्ये भेटते आणि पैसे लावायला तयार होते. नवीन रेस्टॉरंट, नाव ठेवतात 'काम'. जुना स्टाफ गोळा होतो, दारू पिणारा आचारी पण. उद्घाटनाचा दिवस. दार उघडलंय, टेबलं मांडलीत, कोणी येत नाही. माणसं बाहेरून मेन्यू वाचतात आणि पुढे जातात. इथे सिनेमा बराच वेळ फक्त वाट बघतो, आणि त्या वाट बघण्यात काती इतकी थोडी हलते की एकदा तिची नजर दाराकडे गेली तरी आपल्या पोटात गोळा येतो. मग एक-दोघं येतात. मग जेवणाची वेळ भरते. मग फोन वाजतो, कामगारांच्या कुस्ती क्लबचं संध्याकाळचं बुकिंग, ३० माणसं. ती फोन ठेवते आणि सांगते, आणि सिनेमाभर जे धरून ठेवलं होतं ते तिच्या चेहऱ्यावर थोडंसं सुटतं, हसू म्हणता येईल इतकंच.

नंतर काय झालं

सिनेमा १९९६ च्या मे महिन्यात फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत होता. आणि त्यातून काउरिसमॅकीच्या पुढच्या दहा वर्षांची दिशा ठरली, बेकारी, मग बेघर माणसं, मग एकटेपण, असे तीन सिनेमे मिळून फिनलंड त्रयी म्हणतात ती. ठरलेला नट गेला म्हणून थांबला असता तर पुढचं कसं झालं असतं सांगता येत नाही, पण ही त्रयी एका बाईच्या खांद्यावरून सुरू झाली हे नक्की.

१९९९ ला 'युहा' आला. युहानी आहोची १९११ ची कादंबरी, आणि काउरिसमॅकीने ती मूकपट म्हणून केली, काळापांढरा, पाट्यांवर संवाद. काती मार्या झाली, भोळ्या वयस्कर नवऱ्याला सोडून शहरी माणसाच्या नादी लागलेली. मूकपट म्हटल्यावर नट मोठं करायला लागतात, डोळे फिरवणं, छातीवर हात. ती थोडं मोठं करते, जुन्या पद्धतीला मान देण्याइतकं, आणि तरी तिचं मूळ सोडत नाही. सिनेमा म्हणून मला तो थोडा अवघडलेला वाटतो, पण तिच्यासाठी बघावा.

आणि २००२. 'द मॅन विदाउट अ पास्ट', हेलसिंकीच्या बंदराजवळ कंटेनरमध्ये राहणारी माणसं, मार खाऊन स्मृती गेलेला एक माणूस, ते काम मार्क्कू पेल्तोलाचं, हाच 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' मधला सुरीवाला आचारी. काती झाली इर्मा, साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेत सूप वाटणारी, युनिफॉर्ममधली एकटी बाई. प्रेम तिच्या वाट्याला पहिल्यांदाच येतंय हे तिच्या ताठ मानेवरूनच कळतं. कानमध्ये त्या वर्षी ज्युरीचा अध्यक्ष डेव्हिड लिंच होता, सिनेमाला ग्रां प्री, म्हणजे तिथला दुसऱ्या मानाचा पुरस्कार, मिळाला आणि सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार काती ओउतिनेनला. सिनेमा पुढे ऑस्करच्या नामांकनात पण गेला, तेव्हा अमेरिका इराकच्या युद्धाच्या तयारीत होती म्हणून काउरिसमॅकीने समारंभाला जायला नकार दिला.

इथे माझं एक मत. तो पुरस्कार इर्मासाठी दिला गेला आणि इर्मा सुंदरच आहे, पण इर्मा उभी आहे इलोनाच्या पायावर. इलोनाच्या आधीची काती सोसायची, इलोनापासून पुढची काती माणसं सांभाळायला लागली. हा बदल १९९६ मध्ये झाला आणि कानच्या ज्युरीने सहा वर्षांनी तो बघितला.

त्याच सुमारास ती थिएटर अकॅडमीत अभिनयाची प्राध्यापक झाली आणि दहाएक वर्षं तिने तिथे शिकवलं. जिथे तुर्क्काच्या काळात शिकली तिथेच. फिनलंडबाहेर आपण तिला फक्त काउरिसमॅकीची बाई म्हणून ओळखतो, हे खरंतर आपल्या बघण्याची मर्यादा आहे, तिथे ती नाटक, टीव्ही, शिकवणं असं सगळं करत आलेली आहे आणि तिथल्या लोकांसाठी ती आपल्या ओळखीपेक्षा खूप मोठी आहे.

२०११ चा 'ल हाव्र' मात्र मला तिच्या बाबतीत अपुरा वाटला. सिनेमा चांगला आहे, बूटपॉलिश करणारा मार्सेल, आफ्रिकेतून आलेला निर्वासित पोरगा इद्रिसा, त्याला लपवणारी गल्ली. काती मार्सेलची बायको आर्लेती, फ्रेंचमध्ये बोलते, तिच्या फिनिश वळणासकट, आणि ते छान वाटतं. पण अर्धा सिनेमा ती हॉस्पिटलच्या पलंगावर आहे. जिने अख्खं रेस्टॉरंट उभं केलं तिला नवऱ्याला त्रास नको म्हणून आजार लपवणारी चांगली बायको करून ठेवणं, यात दिग्दर्शकाची एक सवय दिसते, त्याच्या सिनेमातल्या बायका कधीकधी पुरुषाला वाचवण्यापुरत्याच चांगल्या असतात. 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' त्या सवयीतून सुटलाय, आणि मला वाटतं तो सुटला कारण मूळ जागा पुरुषाची होती. ज्या जागेवर पेल्लोनपॅ बसणार होता ती बाईला मिळाली, स्टाफ, काम, अपमान, कर्ज, पुन्हा उभं राहणं सगळ्यासकट, म्हणून इलोना कोणाची बायको असण्याआधी कामाची बाई आहे. लौरी तिच्या गोष्टीत आहे. ती लौरीच्या गोष्टीत नाही.

मग २०१७ मध्ये 'द अदर साइड ऑफ होप' मध्ये ती छोट्या कामात दिसते, कपड्यांच्या दुकानाची बाई, दोन मिनिटांचा प्रसंग. आणि २०२३ ला 'फॉलन लीव्ज' आला तेव्हा मधल्या जागेवर आल्मा पॉयस्ती होती, सुपरमार्केटमधून काढून टाकलेली आन्सा. आल्माचं काम उत्तम आहे आणि वेगळं आहे, तिच्यात एक ऊब वर वर दिसते जी काती आत ठेवते. पण नोकरी गेल्यावर मान खाली न घालणारी, साध्या घरात साधं ताट मांडणारी ती बाई पडद्यावर पहिल्यांदा कोणी उभी केली ते आठवल्याशिवाय तो सिनेमा मला बघता आला नाही.

ज्यांनी कातीचं काहीच बघितलेलं नाही त्यांनी सुरुवात 'मॅच फॅक्टरी गर्ल' पासून करू नये असं मी सांगेन, बरेच जण तिथूनच करतात आणि मग तोच कोऱ्या चेहऱ्याचा समज करून घेतात. आधी 'शॅडोज इन पॅराडाइज' बघा, तिची आणि पेल्लोनपॅची जोडी डोळ्यात बसू द्या, मग 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स', आणि मग मागे जाऊन इरिसला भेटा. आणि बारमधला तो ऑर्डरचा प्रसंग आला की तिच्या तोंडाकडे बघायच्या आधी हातांकडे बघा, ती प्लेट टेबलावर कशी ठेवते ते.